रोग आणि विचार एकाच गाडीनं येतात का?

रामबागी (इंदूर)

भूगोलात एम.ए. केलं, पोट मात्र देवास नाक्यावरच्या ट्रान्सपोर्टच्या धंद्यानं भरलं. त्यामुळे अंतर मला किलोमीटरमध्ये कळत नाही, तासांत आणि भाड्यात कळतं. मुंबईहून निघालेला माल दुसऱ्या दिवशी आमच्या गोदामात असतो. तोच माल पन्नास किलोमीटरवरच्या आडगावी न्यायचा तर परतीचं भाडं मिळत नाही म्हणून ट्रकवाला दोन दिवस टोलवतो. जवळ काय आणि लांब काय, याचा खरा हिशेब असा असतो.

माझं म्हणणं सरळ आहे, त्यावर भांडायला या: साथीचा रोग आणि नवा विचार जमिनीवरून एकाच रीतीनं सरकतात.

टॉर्स्टन हेगरस्ट्रँड हा स्वीडनचा भूगोलतज्ज्ञ. त्याचा प्रबंध 1953 चा. कुरणसुधारणेचं सरकारी अनुदान, गुरांच्या क्षयाची तपासणी असल्या गोष्टी दक्षिण स्वीडनमधल्या शेतकऱ्यांनी कोणत्या साली स्वीकारल्या, ते त्यानं ठिपके देत नकाशावर मांडलं. नवे ठिपके बहुतेक जुन्या ठिपक्यांच्या शेजारीच उमटत गेले. कोण कोणाला भेटत असेल याचा अंदाज बांधायला त्यानं घर बदलणाऱ्यांच्या नोंदी आणि टेलिफोनचे कॉल वापरले. साथीच्या अभ्यासकाला हे गणित नवं वाटणार नाही.

शेजाराखेरीज दुसरी रीत उतरंडीची: आधी महानगर, मग मधलं शहर, मग तालुका. भूगोलतज्ज्ञ जेरल्ड पाइलनं 1969 मध्ये अमेरिकेतल्या पटकीच्या, म्हणजे कॉलराच्या, तीन साथी तपासल्या. 1832 ची साथ किनारा, नद्या, कालवे धरून जवळून लांब अशी गेली. 1849 ची अधलीमधली. 1866 पर्यंत रेल्वेचं जाळं झालं होतं, तेव्हा लांबची मोठी शहरं आधी आजारी पडली आणि जवळची छोटी गावं नंतर. रोग तोच होता, वाहन बदललं.

तिसरी रीत थेट उडीची. भारतातला कोरोनाचा पहिला रुग्ण 30 जानेवारी 2020 ला त्रिशूरला सापडला, वुहानहून परतलेली विद्यार्थिनी. मधल्या हजारो किलोमीटरांचा काही संबंध नाही. आपल्या मध्य प्रदेशातले पहिले रुग्ण 20 मार्चला जबलपूरचे, दुबई आणि जर्मनीहून आलेले. ब्रॉकमन आणि हेलबिंग या संशोधकांनी 2013 मध्येच दाखवलं होतं की विमानप्रवाशांच्या संख्येवरून अंतर नव्यानं मोजलं, तर 2003 चा सार्स आणि 2009 चा स्वाइन फ्लू कोणत्या देशात कधी पोचला हे जवळपास सरळ रेषेत बसतं.

आता विचारांकडे या. पुण्याचे कृष्णाजीपंत खासगीवाले 1892 साली ग्वाल्हेरला गेले, तिथला थाटाचा गणपती त्यांनी पाहिला आणि परत येऊन भाऊसाहेब रंगारी वगैरे मंडळींना सांगितलं, असा इतिहास सांगतात. पुढच्या काही वर्षांत सार्वजनिक गणपती पुण्यातून मुंबई, नाशिक, नागपूर करत सगळीकडे. (रंगारी की टिळक हा वाद इथे आणू नका, त्याला वेगळा धागा लागतो.) ही थेट उडी, मग उतरंड, मग शेजार. आणि 21 सप्टेंबर 1995? गणपती दूध पितो ही बातमी सकाळी दिल्लीतून निघाली आणि त्याच दिवशी लंडनच्या देवळांबाहेर रांगा होत्या. एसटीडी बूथची कमाल.

म्हणून म्हणतो, माणसांच्या जाण्यायेण्याचा एक नकाशा काढा. ताप कुठे जाईल आणि विचार कुठे जाईल, दोन्ही त्याच कागदावर दिसेल.

लष्करकर (ग्वाल्हेर)

साफ असहमत. गणपती ग्वाल्हेरहून पुण्याला गेला हे वाचून छाती फुगली खरी, पण तुमचा साक्षीदार तुमच्याच विरुद्ध बोलतोय.

शिंद्यांच्या राज्यात पुण्याकडची माणसं खासगीवाल्यांच्या आधी शंभर वर्षं येत होती. सरदार, कारकून, भिक्षुक, लेकीसुना. त्यांनी इथला गणपती पाहिला नसेल? पाहिला, प्रसाद खाल्ला, घरी गेले. काही पसरलं नाही. मग 1893 च्या ऑगस्टमध्ये मुंबईत दंगल झाली, वातावरण तापलं, टिळकांच्या हातात केसरी होता, लोकांना एकत्र यायला धर्माचं निमित्त हवं होतं, तेव्हा ती कल्पना धरली. विचाराला जमीन तयार लागते. नुसतं जाणंयेणं मोजणाऱ्याला 1792 आणि 1892 मधला फरक दिसणारच नाही.

आता रोग बघा, तोही आमच्याच दारातला. नोव्हेंबर 1817. दौलतराव शिंद्यांना तहाला कबूल करायला गव्हर्नर जनरल हेस्टिंग्ज मोठी फौज घेऊन सिंध नदीच्या बाजूला येऊन बसला. 5 तारखेला तह झाला आणि त्याच महिन्यात त्याच्या छावणीत पटकी शिरली. हजारो माणसं गेली, छावणी उठवून बेतवेच्या काठी न्यावी लागली. बंगालमधून निघालेली ती साथ पुढच्या वर्षी मुंबईत होती. तिनं कोणाला विचारलं? पाणी प्यायलात की झालं.

गाण्याचं उदाहरण घ्या. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर ग्वाल्हेरची गायकी वासुदेवबुवा जोशांकडे शिकले आणि महाराष्ट्रात घेऊन आले. गुरूच्या घरी राहून, पडेल ते काम करून, वर्षानुवर्षं. त्यांचे शिष्य विष्णु दिगंबर पलुसकर यांनी 1901 मध्ये लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं. ग्वाल्हेर, मिरज, लाहोर! नकाशावर काढा ही रेष तुमच्या ट्रकच्या हिशेबानं. ख्याल शिंकेतून लागत नाही, राव.

छप्पन_दुकान (इंदूर)

लागत नाही कसा? आमच्या शेजारच्या काकांना रोज सकाळी लागतो. अख्खी गल्ली बाधित आहे.

महूची_दवापेटी (महू)

सरकारी आरोग्य खात्यात आयुष्य गेलं, म्हणून लष्करकरांच्या 'कोणाला विचारलं?' या वाक्याला हात घालतो. रोगालाही जमीन लागते. नुसता संपर्क पुरत नाही.

साथीच्या गणिताचा पाया असलेला केरमॅक आणि मॅकेंड्रिक यांचा 1927 चा निबंध आहे. त्यातला आलेख कुठला? मुंबईच्या प्लेगचा, डिसेंबर 1905 ते जुलै 1906. मॅकेंड्रिक इंडियन मेडिकल सर्व्हिसमधला माणूस. निबंधाचं सार असं की साथ थांबायला सगळी माणसं संपावी लागत नाहीत. बाधा होऊ शकेल अशांची दाटी एका मर्यादेखाली गेली की रोग आपोआप विझतो. म्हणजे जंतू गावात येऊनही साथ लागत नाही असं होतं, आणि वारंवार होतं.

गोवर बघा. क्लिफ आणि हॅगेट या भूगोलतज्ज्ञांनी आइसलँडच्या साथी वर्षानुवर्षं तपासल्या. बेट लहान, लोक थोडे. गोवर बोटीनं यायचा, उसळायचा, मुलं संपली की विझायचा, पुढच्या बोटीपर्यंत गायब. तो कायम मुक्काम करतो ते अडीच-तीन लाखांच्या पुढच्या वस्तीत. तेव्हा 'विचाराला जमीन लागते, रोगाला लागत नाही' ही विभागणी मला पटत नाही. रामबागींच्या नकाशात ही दाटी घाला, मग तो बरोबर चालेल.

अजून एक गोष्ट सांगतो, दोघांनाही अडचणीची. देवीची लस मुंबईत आली 14 जून 1802 ला, तीन वर्षांच्या ॲना डस्टहॉल नावाच्या मुलीच्या दंडावर. शीतपेट्या नव्हत्या. बगदाद, बसरा अशी ती लस एकाच्या फोडातून दुसऱ्याच्या दंडात टोचत टोचत आणली होती, आणि मुंबईतून पुण्याला, सुरतेला, मद्रासकडे तशीच गेली. रोगावरचा उपाय अक्षरशः रोगासारखा, माणसामाणसांतून. एक घर नाही म्हणालं की साखळी तुटली. आता हा जंतूचा प्रवास म्हणायचा की कल्पनेचा?

रामबागी

डॉक्टरसाहेब, हे उदाहरण मी वर का दिलं नाही याचं वाईट वाटतंय. दोन्हींचा!

लष्करकर, शंभर वर्षं लोक पाहून परत गेले हे मान्य. पण शंभर वर्षं रेल्वे नव्हती, तार नव्हती, केसरी तर 1881 चा. तुम्ही ज्याला 'जमीन' म्हणता तिच्यात निम्म्याहून जास्त वाहतूक आणि छापखाना आहे. पलुसकरांचंही तेच: स्वरलिपी छापली, म्हणून गुरूच्या घरी पाणी न भरता गाणं गावोगाव गेलं. लाहोर, मुंबई या क्रमात उतरंड दिसत नाही का?

लष्करकर

स्वरलिपी वाचून कोण गवई झाला ते नाव सांगा, ऐकायला येतो.

आकडेमोड (इंदूर)

मी इथे सगळ्यांत लहान असेन. डेटाचं काम करतो, इतिहास थोडा कच्चा आहे. पण हे भांडण समाजशास्त्रात होऊन गेलेलं आहे, म्हणून लिहितो.

बातमी आणि रोग यांना एक भेट पुरते. समाजशास्त्रज्ञ ग्रॅनोव्हेटरनं 1973 मध्ये दाखवलं की दूरची ओळख, म्हणजे वर्षातून एकदा भेटणारा माणूस, अशा गोष्टी लांब पोचवायला घरच्यांपेक्षा जास्त कामाचा. रामबागींचं जबलपूर, त्रिशूर, गणपतीचं दूध, सगळं यात बसतं.

पण जिथे माणसाला काही बदलायचं असतं, पैसे घालायचे असतात, चारचौघांत हसं व्हायची भीती असते, तिथे एका भेटीनं काम होत नाही. दोन, तीन, चार ओळखीच्यांनी आधी केलेलं दिसावं लागतं. डेमन सेंटोला यानं 2010 मध्ये यावर प्रयोग केला. लोकांना आरोग्याविषयीच्या एका नव्या ठिकाणी नाव नोंदवायचं होतं. काही जाळी लांब लांब ओळखींची होती, काही दाट, जिथे तुमचे शेजारी एकमेकांचेही शेजारी. रोगाच्या गणितानं लांब ओळखींच्या जाळ्यात प्रसार जास्त व्हायला हवा. झाला उलटा. दाट जाळ्यात नोंदणी जास्त पसरली आणि लवकर पसरली, कारण तिथे एकाच गोष्टीची हाक दोनतीनदा येते.

रामबागींच्या धंद्यातच सांगायचं तर रस्ता एकच आहे, पण टोल वेगळा. रोगाला एक पावती लागते, विचाराला चार. म्हणून रोग जंक्शनवरून उड्या मारतो आणि विचार एखाद्या मोहल्ल्यात मुरतो. लष्करकरांचे शंभर वर्षांचे पाहुणे एकेक करून पुण्याला परतले, त्यामुळे कोणाचंच कोणी ऐकलं नाही. 1892-93 मध्ये ऐकणारं टोळकं आधीच एकमेकांना धरून होतं.

सयाजीगंज (बडोदा)

आकडेमोड, छान मांडलंत. पण तुम्ही सगळे 'पसरतं, पसरतं' म्हणताय जणू आपोआप. मी ग्रंथालयात नोकरी केली. विचार पसरत नाहीत, कोणीतरी ते पेटीत भरून बैलगाडीत चढवतं.

सयाजीराव महाराजांनी सक्तीचं प्राथमिक शिक्षण 1893 मध्ये सुरू केलं. कुठे? राजधानीत नाही, अमरेलीत. बडोदा संस्थान सलग नव्हतं हे लक्षात घ्या. नवसारी इकडे, कडी तिकडे, अमरेली आणि ओखामंडळ थेट काठेवाडात, मध्ये ब्रिटिशांची आणि दुसऱ्या राजांची गावं. म्हणजे राजधानीपासून तुटलेल्या एका तुकड्यात प्रयोग झाला आणि 1906 मध्ये तो सगळ्या संस्थानात लागू झाला. मधल्या परक्या गावांवरून उडी मारून! शिवेपलीकडच्या गावाला शेजार होता, बोली तीच, सोयरीक तीच, बाजार तोच. सक्तीचं शिक्षण मात्र आलं नाही. गोखल्यांनी 1911 मध्ये बडोद्याचा दाखला देत कौन्सिलात विधेयक मांडलं, ते पुढच्या वर्षी फेटाळलं गेलं. तुमचा शेजाराचा नियम राज्याच्या शिवेवर अडला. प्लेग त्या शिवेवर अडला होता का?

1910 मध्ये महाराजांनी अमेरिकेहून बॉर्डन नावाचा ग्रंथपाल आणला. त्यानं राजधानीत मध्यवर्ती ग्रंथालय उभं केलं, आणि खेड्यांसाठी फिरती ग्रंथालयं: लाकडी पेटीत पुस्तकं भरून गावाला पाठवायची, वाचून झाली की पेटी परत, दुसरी हजर. इथे कोणाची कोणाशी गाठ पडली म्हणून वाचनाची लागण झाली नाही. आज्ञा होती, अंदाजपत्रक होतं, पेटीला कुलूप होतं आणि वहीत नोंद होती. हेगरस्ट्रँडच्या शेतकऱ्यांनाही अनुदान सरकारच देत होतं ना? ते कोणी मंजूर केलं, कोणाला नाकारलं, हे ठिपक्यांत कुठे दिसतं?

आणि भीतीचं काय? सप्टेंबर 1994 मध्ये सुरतेला प्लेगची बातमी फुटली. सुरत आमच्यापासून दीडशे किलोमीटर. लाखो माणसं गाड्या भरून बाहेर पडली. बडोद्यात प्लेगवरचं टेट्रासायक्लिन हे औषध मिळेना, लोक तोंडाला रुमाल बांधून फिरत होते. प्लेग आला नाही, भीती पहिल्या गाडीनं आली. पुढे सुरत महापालिकेनं 1995 पासून शहर धुऊन काढलं, ती स्वच्छतेची कल्पना मात्र बडोद्याला यायला पुष्कळ वर्षं लागली. रस्ता तोच, दीडशे किलोमीटरच.

छप्पन_दुकान

ताई, स्वच्छतेचा विषय काढलात तर इंदूरकर गप्प बसणार नाही. स्वच्छ शहरांच्या यादीत 2017 पासून 2023 पर्यंत पहिला नंबर सोडला नाही भिया!

आणि ही कल्पना सुरतेहून नाही आली. पॅट्रिक गेडिस नावाचा स्कॉटिश म्हातारा पहिल्या महायुद्धाच्या काळात इंदुरात होता, शहराचा आराखडा करायला. प्लेग चालू होता. त्याला होळकरांनी एका दिवसाचा महाराजा केला आणि त्यानं दिवाळीची मिरवणूक काढली असं त्याचे चरित्रकार सांगतात. मिरवणुकीचा रस्ता ठरलेला नव्हता: ज्या गल्ल्या सर्वांत स्वच्छ, त्यांतून ती जाणार. मग काय, घासाघाशी सुरू! मिरवणुकीत घाणीचा राक्षस आणि भला मोठा उंदीर. दरबाराला दिलेला त्याचा अहवाल 1918 चा, दोन खंड. तर शंभर वर्षांपूर्वीच उंदीर काढून आम्ही मोकळे.

लष्करकर

वा. मग 1918 ते 2017 इंदूर काय करत होतं? मी 1980 च्या आसपासचं सियागंज पाहिलंय, नाक धरून. आणि गेडिसनं 1916 मध्ये बडोद्याचाही अहवाल केला होता. एकच माणूस, दोन वर्षांच्या अंतरानं दोन मराठी दरबार. बडोद्यात मिरवणूक का निघाली नाही? कल्पना दारात येऊन बसली होती की.

महूची_दवापेटी

मिरवणुकीबद्दल एक शास्त्रीय काडी टाकतो. आपल्याकडचा प्लेग ऋतूप्रमाणे चढायचा-उतरायचा, पिसवांना कडक उन्हाळा सोसत नाही. मिरवणुकीनंतर प्लेग हटला असं कोणी म्हणालं तर मी दोन पावलं मागे सरकेन. पण घरं साफ झाली, धान्य हललं, उंदीर बिळातून निघाले, हे काही कमी नाही.

सयाजीगंज ताईंच्या भीतीच्या मुद्द्याला मात्र पूर्ण सहमत. 1896 मध्ये मुंबईत मांडवीला प्लेग सुरू झाला आणि लोक रेल्वेनं पळाले. त्याच डब्यांतून प्लेगही गेला, अफवाही गेल्या. हाफकिननं जानेवारी 1897 मध्ये लस आधी स्वतःला टोचून घेतली. लस त्याच रेल्वेनं पाठवता येत होती, टोचून घ्यायला माणसं पुढे येत नव्हती. पुण्यात सोजिरांनी घरात घुसून तपासण्या केल्या, त्याचा शेवट 22 जूनला रँडवरच्या गोळीत झाला. सक्तीनं शाळा पसरली असेल ताई. सक्तीनं प्लेगचे उपाय पसरले नाहीत.

सयाजीगंज

डॉक्टर, फरक सक्तीचा नाही, कोणाची सक्ती याचा आहे. महाराज शाळेत मुलगी का आली नाही म्हणून दंड करायचे, पण ते 'आपले' होते. रँड साहेब दारात बूट घालून उभा होता.

काळी_माती (सांवेरजवळ)

सगळं वाचलं. शहरातली मंडळी शेतकऱ्याचं नाव स्वीडनमधूनच आणतात, म्हणून लिहितोय. माळव्यात एक गोष्ट पसरलेली आमच्या डोळ्यांसमोर आहे: सोयाबीन.

आमच्या वडिलांच्या काळात खरिपात काळी जमीन पडीक ठेवायचे. पावसात ती पायाला चिकटते, बैल आत जात नाही. ओल धरून ठेवायची आणि रब्बीत गहू, हरभरा. काळी तूर नावाचं काळ्या दाण्याचं सोयाबीन जुन्या लोकांना माहीत होतं, पण कुठे कुठे, थोडंसं. साठच्या दशकात जबलपूरच्या कृषी विद्यापीठानं अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठाबरोबर पिवळ्या सोयाबीनच्या चाचण्या केल्या. सत्तरपासून ते माळव्यात यायला लागलं आणि दोन दशकांत पडीक खरीप दिसेनासा झाला. 1987 मध्ये सोयाबीनचं राष्ट्रीय संशोधन केंद्र इंदुरात निघालं, 1994 चं जेएस 335 हे वाण तर घराघरात.

आता तुमच्या तीन रीती लावा. जबलपूरला जन्म, पण जबलपूरच्या शेजारी आधी आणि आमच्याकडे मग असं नाही झालं. माळवा धावत पुढे गेला. कारण इथे जमीन मोकळी पडली होती. सोयाबीननं कोणाला हटवलं नाही. नव्वद-शंभर दिवसांत निघतं, गव्हाला वेळ उरतो. आणि तेलाचे कारखाने उभे राहिले. हे पीक आम्ही खात नाही! डाळ शिजत नाही नीट, वास येतो. कारखाना नसता तर विद्यापीठानं लाख पत्रकं वाटली असती आणि आम्ही ती चहाच्या टपरीवर वाचून तिथेच ठेवली असती. रामबागींचा जाण्यायेण्याचा नकाशा ठीक, पण त्यावर भाव लिहायला विसरलात.

आकडेमोड भाऊ, तुमच्या चार पावत्यांचं मला पटतं. आमच्याकडे कोणी भाषण ऐकून पेरलं नाही. शेजाऱ्याच्या बांधावरून दोन हंगाम पाहिलं, तिसऱ्यात एक तुकडा पेरला. पण चार शेजाऱ्यांचं बघूनही ज्याच्याकडे बियाण्याला पैसे नव्हते तो तसाच राहिला. त्याला शास्त्रज्ञ 'मागासलेला' म्हणतात. तो मागासलेला नव्हता, उधारीवर होता.

दुसरं म्हणजे पिकाच्या मागे रोग आला. पिवळा मोझॅक. पांढरी माशी वाहते तो. शेकडो किलोमीटर एकच पीक सलग पेरलं, माशीला याहून काय पाहिजे? डॉक्टरांची ती दाटी! माणसांनी कल्पना एकमेकांच्या बघून घेतली आणि माशीसाठी गालिचा अंथरून दिला. तेव्हा एकाच गाडीनं येतात का, या प्रश्नाला माझं उत्तर: इथे पहिली गाडी गेली म्हणून दुसरीला रूळ मिळाले.

आणि उलटी गोष्ट पण ऐका. अल्बर्ट हॉवर्ड हा इंग्रज शेतीशास्त्रज्ञ 1924 मध्ये इंदूरला आला, वनस्पती संशोधन संस्था काढली. यशवंत वाड त्याचे सहकारी. पालापाचोळा, शेण, राख, माती थर देऊन खत करायची 'इंदूर पद्धत', दोघांचं पुस्तक 1931 चं. ती पद्धत केनियातल्या कॉफीच्या मळ्यांत गेली, इंग्लंडात गेली, अमेरिकेत रोडेलनं 1942 पासून तिच्यावर मासिक चालवलं. आमच्या गावात 'इंदूर पद्धत' म्हटलं तर लोक शेव टाकलेले पोहे समजतील. युरियाची गोणी मात्र मिळते. शेजार, शेजार काय करता!

आकडेमोड

काका, हे वाचून गप्प बसायला पाहिजे, पण एक जोडतो. आयोवातल्या मक्याचा रायन आणि ग्रॉस यांचा 1943 चा अभ्यास अगदी तुमच्यासारखं सांगतो. 259 शेतकरी. संकरित बियाण्याबद्दल पहिल्यांदा कळलं ते जवळपास निम्म्यांना विक्रेत्याकडून. पेरायचं ठरवलं ते जास्त करून शेजाऱ्याचं बघून, आणि ऐकणं नि पेरणं यांत वर्षं गेली. म्हणजे कळण्याचा नकाशा एक आणि करण्याचा दुसरा. ब्रॉकमनचं अंतर फक्त पोचण्याची वेळ सांगतं. पोचल्यावर काय होतं ते सांगत नाही. कोरोना जबलपूरला आधी आला, पण एप्रिल 2020 मध्ये राज्यात सर्वांत जास्त भोगलं इंदूरनं.

लष्करकर

बघा, म्हणजे रोगाचेही दोन नकाशे झाले. रामबागी, तुमचा 'एक कागद' आता चार कागदांवर गेलाय: जाणंयेणं, दाटी, पावत्या, भाव. ताईंची शीव धरली तर पाच. इतके कागद लागत असतील तर 'एकाच रीतीनं' हे शब्द मागे घ्यायला हरकत नाही.

रामबागी

मागे घेत नाही. पाच कागद एकमेकांवर ठेवून उजेडात धरले की खालचा रस्ता सगळ्यांतून दिसतो. कारखाना माळव्यातच का निघाला? इथून मुंबईला आणि बंदराला माल जातो म्हणून. सोयाबीनची पेंड आम्हीच तर भरतो. भाव हवेत ठरत नाही, भाड्यावर ठरतो. केनियात खताची पद्धत गेली ती साहेबाच्या साहेबाशी असलेल्या ओळखीनं, ती ओळख तुमच्या गावापेक्षा नैरोबीला जवळ होती. हे माझ्याच बाजूचं उदाहरण आहे.

काळी माती, एकच विचारतो. तुमच्या गावात सोयाबीन पहिल्यांदा कोणी पेरलं, आणि तो कोणाचा कोण होता? माझी पैज आहे की बाहेरगावशी त्याची सोयरीक असणार.

काळी_माती

पैज जिंकलात. पाटलांचा जावई, देवासच्या बाजूचा, घरजावई म्हणून आला होता. बियाणं तिकडूनच आणलं.

पण त्याच्याकडे साठ बिघे होते आणि बारमाही विहीर. तीन बिघ्यांत पेरून बघितलं, गेलं असतं तरी त्याच्या घरात कोणाला कळलं नसतं. त्याच वर्षी देवासहूनच आलेला दुसरा एक जावई गावात होता. त्याच्याकडे पाच बिघे. त्यानं सोयाबीन पेरलं अकरा वर्षांनी.

लष्करकर

रामबागी, आता दोन जावयांचा नकाशा काढा.